जंगल राखायचं तर आधी आरागिरणीची वही उघडा

चोरीचा साग पकडायची सर्वांत सोपी जागा म्हणजे आरागिरणी. जंगलात एका बीटाला, म्हणजे वनखात्याच्या सर्वांत लहान हद्दीला, एक वनरक्षक, हातात काठी, आणि रात्री तोडायला येणारे पाच-सात जण. तिथे सगळं चोराच्या सोयीचं असतं. पण चोरीचा प्रत्येक ओंडका कधी ना कधी करवतीखाली यावाच लागतो. गोल लाकडाची एकदा फळी किंवा चौकट झाली की ते कुठल्या कक्षातलं, कुठल्या झाडाचं, हे सांगणारी एकही खूण उरत नाही. लाकडाची ओळख जिथे पुसली जाते, ती जागा मात्र लपवता येत नाही. तिला पत्ता असतो, परवाना असतो, विजेचं मीटर असतं. सर्वोच्च न्यायालयाला हे 1996 साली नेमकं कळलं होतं. पुढच्या तीस वर्षांत न्यायालयाचं लक्ष करवतीवरून निघालं आणि 'जंगल' या शब्दाच्या व्याख्येत अडकलं. व्याख्या महत्त्वाची आहेच, पण व्याख्येने ट्रक अडत नाही.

निलंबूरच्या जुन्या जमीनदार घराण्यातले टी. एन. गोदावर्मन तिरुमुलपाड 1995 मध्ये निलगिरीतल्या गुडलूर भागातली तोड थांबवा म्हणून सर्वोच्च न्यायालयात गेले. याचिका क्रमांक 202. न्या. जे. एस. वर्मा आणि न्या. बी. एन. किरपाल यांनी 12 डिसेंबर 1996 रोजी दिलेला अंतरिम आदेश गुडलूरपुरता राहिला नाही. मालकी कोणाचीही असो, शब्दकोशातल्या अर्थाने जे जंगल ते 1980 च्या वन संवर्धन कायद्याखाली जंगलच, हे त्यातलं वाक्य सगळ्यांना पाठ आहे. त्याच आदेशातला दुसरा भाग फारसा कोणी सांगत नाही. अरुणाचलच्या तिरप आणि चांगलांग जिल्ह्यांतल्या सगळ्या आरागिरण्या, व्हिनियर (लाकडाचे पातळ पापुद्रे) आणि प्लायवूडचे कारखाने बंद. आसामच्या बाजूला अरुणाचलच्या हद्दीपासून 100 किलोमीटरच्या पट्ट्यातले कारखानेही बंद. ईशान्येच्या सातही राज्यांतून बाहेर जाणारं लाकूड रेल्वे, रस्ता, नदी अशा तिन्ही वाटांनी बंद. अपवाद संरक्षण खातं आणि सरकारी कामासाठीच्या प्रमाणित लाकडाचा. बाकी देशात तोड करायची ती केंद्राने मंजूर केलेल्या कार्य आयोजनेनुसारच, म्हणजे कुठल्या जंगलात कधी किती तोडायचं याच्या आराखड्यानुसार.

हा दुसरा भाग लागू पडला, आणि त्याचं कारण अगदी साधं आहे. वॅगन भरली की नाही, गिरणीचं धुराडं चालू आहे की नाही, हे कोणालाही दिसतं; त्यासाठी तज्ज्ञ समिती लागत नाही. 1998 च्या जानेवारीत न्यायालयाने आणखी एक शहाणपणाची गोष्ट केली. ईशान्येतल्या ज्या गिरण्यांना परवाना मिळेल त्यांनी जंगलाच्या कडेला न राहता अधिसूचित औद्योगिक वसाहतीत यायचं. म्हणजे पाळत ठेवायच्या जागा कमी झाल्या आणि रस्त्यावर आल्या.

किंमतही मोजावी लागली. मजूर बसून राहिले. ईशान्येत जंगलाचा मोठा भाग गावांच्या आणि जमातींच्या हातात असल्याने, ज्यांनी काही चोरलं नव्हतं त्यांचंही उत्पन्न गेलं. दिल्लीतून निघालेली सरसकट बंदी चोर आणि मालक यांच्यात फरक करत नाही. दुसरीकडे प्लायवूडचा धंदा यमुनानगरच्या आसपास शेतातल्या पॉप्लर-निलगिरीवर आणि केरळात पेरुंबावूरला रबराच्या लाकडावर पोसला गेला. सगळं श्रेय आदेशाचं नाही, शेतातली लागवड आधीच सुरू होती. पण जंगलचं स्वस्त लाकूड मिळत राहिलं असतं तर शेतकऱ्याच्या लाकडाला गिऱ्हाईक कमीच राहिलं असतं.

महाराष्ट्राचा या प्रकरणातला वाटा विसरण्यासारखा नाही. 4 मार्च 1997 च्या आदेशात महाराष्ट्र आणि उत्तर प्रदेश या दोन राज्यांचं नाव घेऊन सांगितलं होतं की विनापरवाना आरागिरण्या, व्हिनियर आणि प्लायवूडचे कारखाने तत्काळ बंद करा, नवे परवाने देऊ नका, अटी शिथिल करू नका. इतक्या स्वच्छ भाषेतल्या आदेशानंतरही राज्यात सहा लाकूड उद्योगांना परवानगी दिली गेली. 10 मे 2006 रोजी सर्वोच्च न्यायालयाने माजी वनमंत्री सुरूपसिंग नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना अवमानाबद्दल एकेक महिन्याची साधी कैद सुनावली. मंत्र्याला लाकडासाठी तुरुंग, ही घटना त्या वेळी गाजली. न्यायालयाने कारभारात हात घालू नये म्हणणाऱ्यांनी हा निकाल एकदा वाचावा. सत्ताविभागणीचा मुद्दा तत्त्वाने बरोबर आहे, पण परवाना देणारा, तपासणारा आणि दंड करणारा एकाच मजल्यावर बसत असेल तर त्याच्यावर बाहेरचा डोळा हवाच. माझा आक्षेप वेगळा आहे. त्या प्रकरणात दोन माणसं तुरुंगात गेली. राज्यातल्या परवानाधारक गिरण्यांमधून वर्षाला किती बेकायदा घनमीटर चिरलं जातं, हा प्रश्न मात्र कोणी कोणाला विचारला नाही. आदेश पाळला का, एवढंच पाहिलं गेलं. लाकूड थांबलं का, हे पाहिलंच नाही.

बेकायदा लाकूड बहुतेक वेळा कायद्याच्या दारातूनच बाहेर पडतं. विदर्भात त्याचं नाव 'मालकी प्रकरण'. शेतकऱ्याच्या खासगी जमिनीवरचा साग तोडायला 1964 च्या महाराष्ट्र वृक्षतोड (विनियमन) कायद्याखाली परवानगी लागते. अर्ज येतो, सातबाऱ्यावर झाडं दाखवलेली असतात, मोजणी होते, छातीच्या उंचीवर म्हणजे जमिनीपासून 1.37 मीटरवर घेर घेतला जातो, झाडावर हातोड्याची छाप बसते, तोड होते, लठ्ठ्यांच्या टोकांवर क्रमांक पडतात आणि वाहतुकीचा पास, ज्याला सगळे टीपी म्हणतात, हातात येतो. या साखळीतली प्रत्येक कडी कागदावर नीट आहे. खोट घेरात असते.

लठ्ठ्याचं घनफळ आपल्याकडे बहुतेक चौथाई घेराच्या पद्धतीने काढतात: मधल्या घेराचा चौथा भाग, त्याचा वर्ग, गुणिले लांबी. घेर 120 सेंटिमीटर, लांबी 3 मीटर असेल तर चौथाई 30 सेंटिमीटर, आणि घनफळ 0.27 घनमीटर. घनफळ घेराच्या वर्गाने वाढतं, आणि फसवणुकीची सगळी मेख इथेच आहे. मोजणीच्या वहीत 75 सेंटिमीटरच्या झाडापुढे 105 लिहिलं तर घनफळ जवळपास दुप्पट होतं. झाडांची संख्या बरोबर, गट नंबर बरोबर, सह्या बरोबर. चाळीस झाडांच्या प्रकरणात अशी वाढ केली की शेतातल्या लाकडाइतकंच आणखी लाकूड कागदावर तयार होतं, आणि ती रिकामी जागा शेजारच्या राखीव जंगलातल्या सागाने भरली जाते. म्हणून मालकी प्रकरणं जंगलाला खेटून असलेल्या गटांत किती आणि जंगलापासून लांब किती, एवढी एक यादी काढली तरी बरंच काही दिसेल.

याला उतारा आहे, तो थुटांत. झाड गेलं तरी थूट जमिनीत असतं, त्यावर हातोड्याची छाप असते, आणि थुटाच्या घेरावरून झाडाच्या घेराचा अंदाज बांधता येतो. 105 चं झाड लिहिलंय आणि थूट सडपातळ आहे, तर लबाडी शेतातच सापडते. म्हणूनच थुटं टिकत नाहीत. शेत साफ करायचं म्हणून यंत्राने उपटली जातात, नाहीतर त्यांच्यावर काटक्या रचून जाळली जातात. फेरतपासणीचा आदेश सहा महिन्यांनी आला तर तपासायला राखसुद्धा उरत नाही. राखीव जंगलातल्या चोरट्या थुटांची गत वेगळी. त्यांच्यावर माती-पाला ओढलेला असतो, आणि सापडलीच तर 'अज्ञात आरोपी' म्हणून प्राथमिक गुन्हा अहवाल फाडला जातो. त्या थुटाचं लाकूड कुठे गेलं, हे त्या अहवालाच्या रकान्यांत मावत नाही.

कोकणातल्या खैराची तऱ्हा याहून अवघड. काताला लागतो तो आतला लाल गाभा, म्हणून खैर तोडल्याजागीच सोलतात. साल आणि पांढरं लाकूड गेलं की सालीवरची छापही गेली. बाजारात येतो तो 'सोलीव' माल, आणि सोलीव खैर खासगी बागेतला की सरकारी जंगलातला, हे नुसतं बघून ब्रह्मदेवालाही सांगता येणार नाही. इथे मुक्काम आरागिरणी नसून कातभट्टी आहे, एवढाच फरक.

टीपीचा दुसरा उपयोग म्हणजे तो पुन्हा वापरणं. पासावर मुदत दोन दिवसांची आणि अंतर चाळीस किलोमीटरचं असेल, तर एका पासावर दोन-तीन खेपा सहज बसतात. नाक्यावर नोंद झाली नाही, किंवा मुद्दाम केली नाही, की पहिली खेप झालीच नाही असं म्हणायला वाव राहतो. 2023 च्या अखेरीस केंद्राने देशभर एकच ऑनलाइन पास आणला, क्यूआर कोडसह. चांगलं झालं. पण कोड पास खरा आहे एवढंच सांगतो. ट्रकमधलं लाकूड पासावरचंच आहे का, हे त्याला माहीत नसतं. गिरणीच्या दारात लठ्ठ्यांचे क्रमांक जुळवून तो कोड तिथेच रद्द झाला नाही, तर कागदाऐवजी मोबाइलवर तेच चालेल.

आता गिरणीच्या आत. परवानाधारक गिरणीला आवक-जावक नोंदवही ठेवावी लागते. गोल लाकूड किती आलं, चिरीव किती निघालं. चौथाई घेराची पद्धत खऱ्या दंडगोलाच्या घनफळाच्या साधारण 78.5 टक्केच धरते, म्हणजे वर दिलेला 0.27 चा लठ्ठा प्रत्यक्षात 0.34 च्या आसपास असतो. दुसऱ्या बाजूला चिरताना पाठी, भुसा, वाकडे-पोकळ भाग यांत मोठी घट होते. या दोन आकड्यांच्या मधे जी सैल जागा आहे, तिच्यात चोरीचं लाकूड राहतं. समजा कागदी आवक 100 घनमीटर आणि प्रत्यक्ष चिरीव 55 निघालं. वहीत उतारा, म्हणजे निघालेला चिरीव माल, 70 लिहिला की 15 घनमीटर चिरीव मालाला घरबसल्या बाप मिळाला. तपासणीस वही बघतो, बेरीज बरोबर येते, सही करून जातो. बेरीज बरोबर येणारच, ती जुळवूनच लिहिलेली असते.

वही खोटी असली तरी मीटर सहसा खोटं बोलत नाही. त्याच गिरणीचे तीन महिन्यांचे युनिट आणि वहीतलं चिरीव घनफळ शेजारी मांडलं, की एका घनमीटरला किती वीज लागते याची त्या गिरणीची सरासरी निघते. एखाद्या महिन्यात युनिट फुगले आणि घनफळ तेवढंच राहिलं, तर रात्री करवत चालली. साग आणि आडजात (सागाखेरीजचं) लाकूड यांना लागणारी वीज वेगळी असते, करवतीचं पातं बोथट झालं तरी वापर वाढतो, म्हणून एका महिन्याच्या फरकावर गुन्हा दाखल करू नये. पण धाड कुठे टाकायची, हे यावरून नक्की ठरवता येतं. वीज कंपनीकडे हे आकडे पडून आहेत आणि वनखात्याने मागितले तर मिळू शकतात. डिझेल जनित्राची पळवाट राहते. तिला उत्तर हे की परवान्याच्या अटीत जनित्राला तासमापक सक्तीचा करावा.

आयात लाकूड हे अलीकडचं पांघरूण. म्यानमारने 2014 मध्ये गोल लाकडाची निर्यात बंद केली, तरी आफ्रिका आणि लॅटिन अमेरिकेतला लागवडीचा साग कांडला बंदरात उतरतोच. बंदरावरच्या एका पावतीच्या झेरॉक्सवर गावठी साग किती वेळा विकला जाऊ शकतो, याचा हिशेब ठेवणारं कोणी नाही. भरभर वाढलेल्या लागवडीच्या सागाची वलयं सहसा रुंद असतात, जंगलातल्या म्हाताऱ्या सागाची दाट. देहरादूनची वन संशोधन संस्था आणि बेंगळुरूची काष्ठ विज्ञान संस्था लाकडाची ओळख पटवण्याचं काम करतात. तरी परिक्षेत्राच्या पातळीवर नमुना काढून पाठवणं हा अपवादच राहतो.

हे सगळं न्यायालयाच्या नजरेत का येत नाही? याचिका निकालात न काढता जिवंत ठेवायची आणि आदेशांमागून आदेश देत राहायचे, ही पद्धत मोठ्या प्रश्नासाठी योग्य आहे. पण तिची एक सवय आहे: समोर जो अर्ज येतो, तोच प्रश्न होऊन बसतो. अर्ज करतो तो खाणवाला, रस्तेवाला, परवाना हवा असलेला गिरणीमालक. 2002 मध्ये न्यायालयाने जंगलाचे अर्ज तपासायला केंद्रीय अधिकारप्राप्त समिती नेमली, आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरमध्ये तिच्या पूर्वपरवानगीशिवाय नवी आरागिरणी नाही असं ठरवलं. हेतू चांगला होता. परिणाम असा झाला की जुना परवाना हीच एक मालमत्ता झाली. नवा येऊ शकत नाही म्हटल्यावर जुन्याच्या दाराशी लाकूड, ते कुठलंही असो, रांगेत उभं राहतं. 2015 नंतर हे अधिकार राज्यस्तरीय समित्यांकडे आले आणि 2016 मध्ये केंद्राने मार्गदर्शक तत्त्वं काढली. त्यांत भर आहे तो परवाना देताना लाकूड उपलब्ध आहे का, यावर. परवाना दिल्यानंतर ते कुठून आलं, हा प्रश्न पुन्हा वहीवर सोडलेला.

व्याख्येच्या बाजूचं चित्र तर अधिकच संथ आहे. 1996 च्या आदेशात राज्यांनी एका महिन्यात तज्ज्ञ समित्या नेमून जंगलं ओळखायची होती. 2023 च्या दुरुस्तीने वन संवर्धन कायद्याची कक्षा आखडली, 19 फेब्रुवारी 2024 ला न्यायालयाने तूर्त जुनीच व्याख्या चालू ठेवली आणि राज्यांकडून त्या जुन्या समित्यांचे अहवाल मागवले. संकेतस्थळावर चढलेल्या अनेक अहवालांत ना नकाशा, ना गट नंबर. 4 मार्च 2025 ला पुन्हा समित्या नेमायचा आदेश झाला. पूर्व विदर्भातल्या सहा जिल्ह्यांतलं झुडपी जंगल घ्या. सुमारे 86 हजार हेक्टर जमीन, जिच्यावर शाळा, स्मशानं, वस्त्या उभ्या आहेत, ती जंगल आहे की नाही याचा निर्णय 22 मे 2025 रोजी आला. निर्णय ताळ्यावरचा आहे: जमीन जंगलच मानली, आणि डिसेंबर 1996 पूर्वीच्या वाटपांसाठी वाट ठेवली. पण तिथे पोचायला 29 वर्षं लागली, आणि त्या झुडपांत चोरण्यासारखा सागही नव्हता.

बंदीच्या मर्यादाही दिसल्या आहेत. मुंबई उच्च न्यायालयाने 2013 मध्ये सिंधुदुर्गातल्या दोडामार्ग तालुक्यात वृक्षतोडीवर बंदी घातली. तोड थांबत नाही, ही तक्रार त्यानंतर वर्षानुवर्षं होत राहिली. बंदी आली की टीपी देणं बंद होतं. म्हणजे जो थोडाफार कागद तयार होत होता, तोही संपतो. लाकूड रात्री निघतं, आणि आता त्याचा हिशेबच नसतो. वरून उपग्रह पाहतो म्हणावं, तर भारतीय वन सर्वेक्षण एक हेक्टरपेक्षा मोठा आणि 10 टक्क्यांहून अधिक छत्र असलेला तुकडा वनाच्छादन धरतं, मग तो आमराई असो की रबराची बाग. अस्सल जंगलातले निवडक जाडे साग गेले तर त्या आकड्यावर ओरखडाही उमटत नाही.

मग डोळा कोणाचा? थुटं ताजी असताना पाहणारी माणसं गावातच असतात. गडचिरोलीतल्या मेंढा-लेखाला 2009 मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला, आणि एप्रिल 2011 मध्ये बांबूच्या वाहतुकीचं पासबुक तत्कालीन केंद्रीय मंत्री जयराम रमेश यांनी ग्रामसभेच्या हाती दिलं. पास देणारा आणि जंगलाचा धनी एकच झाला, की पास स्वस्तात विकण्यात त्याचंच नुकसान. सगळ्या ग्रामसभा मेंढ्यासारख्या नाहीत. ठेकेदार ग्रामसभेलाही खिशात घालतो, हे तेंदू आणि बांबूच्या लिलावांत दिसलेलं आहे. तरीही निदान मालकी प्रकरणाची मोजणी ग्रामसभेच्या फळ्यावर झाडवार लागावी: गट नंबर, झाड क्रमांक, घेर. शेजारच्या शेतकऱ्याला आपल्या बांधापलीकडचं झाड 75 चं की 105 चं, हे सांगायला टेप लागत नाही. न्यायालयाने मात्र याच लोकांकडे उलट नजरेने पाहिलं. 13 फेब्रुवारी 2019 च्या आदेशाने वनहक्काचे दावे फेटाळलेल्यांना हटवायचं ठरलं आणि 28 फेब्रुवारीला त्यालाच स्थगिती द्यावी लागली. सायकलवर दोन बल्ल्या नेणारा सापडतो, त्याच्यावर गुन्हा होतो, त्याची सायकल परिक्षेत्र कार्यालयामागे गंजते. ट्रकवाल्याचं वाहन लवकर सुटू नये, असं सर्वोच्च न्यायालयाने 2000 मध्येच बजावलेलं आहे, पण वकील चांगला असेल तर वाहन सुटतं.

तेव्हा न्यायालयाकडे आणखी एक बंदी मागण्यापेक्षा एक ताळेबंद मागावा. दर तीन महिन्यांनी, प्रत्येक वनविभागाचा, एका पानाचा. त्यात चार आकडे: सापडलेल्या चोरट्या थुटांचं घनफळ, जप्त लाकडाचं घनफळ, मालकी प्रकरणांत दिलेल्या पासांचं घनफळ, आणि विभागातल्या गिरण्यांच्या वहीतली आवक. थुटं आणि जप्ती यांतला फरक म्हणजे निसटलेलं लाकूड. पास आणि आवक यांतला फरक म्हणजे ते जिथे मुरलं ती जागा. बाहेरच्या विभागांतून आलेलं आणि आयात लाकूड वेगळ्या ओळीत दाखवावं, नाहीतर सगळी तफावत तिथेच ढकलली जाईल. सोबत वीजयुनिटांचा रकाना. मालकी प्रकरणांपैकी वीसातलं एक, चिठ्ठी टाकून, तोडीनंतर तीस दिवसांच्या आत दुसऱ्या विभागाच्या पथकाने फेरमोजावं. तोपर्यंत थुटाला हात लावला तर उरलेल्या लाकडाचा पास रोखून धरावा. शेतकऱ्याचं नांगरणीचं गणित बिघडू नये म्हणून तीसच दिवस, जास्त नाही. आणि शपथपत्रावर सही मंत्रालयातल्या अवर सचिवाची नको. ज्याच्या हद्दीत ती थुटं आहेत, त्या उपवनसंरक्षकाची हवी, आकडा चुकला तर पुढच्या तारखेला त्यानेच उभं राहायचं या अटीवर.